मूळ डिस्क घाला

"त्यांना सांगा, डिस्क ओल्या हाताने धरली असणार," थोरला म्हणाला.

"त्यांना सांगा, ड्राइव्हमध्ये बोटभर धूळ आहे," धाकटा म्हणाला.

दोघा भावांच्या मधे स्टुलावर बसलेल्या कॉम्प्युटर दुरुस्तीवाल्या ताईंनी कुणालाच काही सांगितलं नाही. पडद्यावर तीच चौकट होती. मूळ डिस्क घाला.

वडिलांच्या माघारी मामांनी वाटणी केली. पाट्यांसाठी व्हिनाइलची चिकट अक्षरं कापायचं मशीन आणि कॉम्प्युटर थोरल्याला, सॉफ्टवेअरची डिस्क धाकट्याला. डिस्क आत असल्याशिवाय सॉफ्टवेअर उघडत नाही, हे मामांना कुठून कळणार? त्यांना ती गाण्यांची वाटली होती. तेव्हापासून भावांचा अबोला होता आणि धाकटा रोज सकाळी डिस्क घेऊन येत होता. ती सोडून जायचं नाही, म्हणून दिवसभर बसे. नुसतं बसवत नाही, म्हणून अक्षरांभोवतीचं व्हिनाइल सोलून काढे. दुपारी दोघं एकाच डब्यातलं जेवत, पाठीला पाठ लावून.

"धुऊन आणतो," ताईंना सांगून धाकटा मोरीकडे गेला.

ताई हळूच म्हणाल्या, "डिस्क गेली कामातून. पण काळजी करू नका. मी वाट काढलीय. यापुढे डिस्क लागणारच नाही." त्यांनी बटण दाबलं. सॉफ्टवेअर उघडलं.

थोरल्याचा चेहरा उतरला. आतून नळाचा आवाज येत होता.

"बंद करा ते."

"अहो, चाललंय की."

"तेच म्हणतोय. ट्रे आत गेल्यावर चालू झालं पाहिजे. आत काही का असेना. पण रोज डिस्क मागितली पाहिजे."

ताईंनी आजवर बिघाड काढले होते, घातला कधी नव्हता. पण नळ बंद व्हायच्या आत त्यांनी तो घालून दिला.

धाकटा आला. शर्टाला पुसून त्याने डिस्क ट्रेमध्ये ठेवली. नजर पडद्यावर होती. डिस्क उलटी बसली, छापील बाजू खाली; अशी ती वाचलीच जात नाही. ट्रे आत गेला आणि सॉफ्टवेअर उघडलं.

तिघांनीही ते पाहिलं. थोरला खिडकीकडे बघू लागला. धाकट्याने ट्रे उघडला, उलट्या डिस्ककडे बराच वेळ बघितलं, आणि ती तशीच आत सरकवली.

"त्यांना सांगा," तो ताईंना म्हणाला, "डिस्क ठणठणीत आहे. उद्या घेऊन येतो."