शीलाची आठ मिनिटं

"आठ मिनिटांच्या वर जायचं नाही, शीला. आणि हात उजवा सांग. मागच्या वेळी डावा म्हणालीस."

भर उन्हाळ्यातही लांब बाह्यांचं ब्लाउज घालणाऱ्या मंजुषाताईंनी मनगटाची बटणं लावत बजावलं. यवतमाळच्या सभागृहात देणगीदार येऊन बसले होते. स्टेजवर ताईंच्या यजमानांचा, अनंतराव वकिलांचा, हार घातलेला फोटो होता. संस्था त्यांच्याच स्मरणार्थ.

शीलाची गोष्ट ऐकली की भल्याभल्यांचे हात सैल होत. नवऱ्यानं हातावर उकळतं दूध ओतलं, तीन दिवस खोलीत कोंडलं. संस्थेत आसऱ्याला आलेल्या बायकांसाठी दुसरा मजला चढणार होता, तो या गोष्टीच्या जोरावर.

"ताई, आता पुरे," शीला म्हणाली. "माह्या बोलन्याचा तो व्हिडिओ आर्णीले सोयऱ्यायकडं पोचला. माह्या पोरीची सोयरीक मोडून राह्यली. असा बाप असन तं पोरगी कायले करायची, म्हन्तात ते लोक."

"एवढी एक वेळ बोल."

"मागच्या खेपेलेबी हेच म्हनलं तुमी. तुमीच काहून नाही बोलत?"

"माझं कोण ऐकणार? वकिलाघरची बाई मी. तांड्यावरची बाई बोलली की लोकांना लगेच पटतं."

बाहेर शीलाचा नवरा प्रेम मोटरसायकलपाशी तिची पिशवी धरून उभा होता. संस्थेत त्याला कोणी चहासुद्धा विचारत नसे. कार्यकर्ता अनिकेत तर त्याला बघून धुमसायचा. एवढं करून वर मोठा पिशवी सांभाळतो!

नाव पुकारलं. शीलानं जाऊन माइक हातात घेतला. तिनं दारातून बाहेर प्रेमकडे बघितलं, मग ताईंकडे बघितलं, आणि माइक त्यांच्यापुढे धरला.

मंजुषाताई उठल्या. ताई वेळ निभावून नेतील, म्हणून अनिकेतचा जीव भांड्यात पडला.

ताईंनी आधी फोटोवरचा हार काढून टेबलावर ठेवला. मग उजव्या बाहीची बटणं सोडली आणि बाही कोपरापर्यंत वर सारली.

"शीला आमच्याकडे भांडी घासायला यायची," त्या स्वच्छ आवाजात म्हणाल्या. "चौथ्या दिवशी बाहेरची कडी तिनं काढली, आणि प्रेमनं मला उचलून दवाखान्यात नेलं."