समुद्राकडे तोंड करून

कुणीतरी खोकलं. लेटिस गार्बटची काठी वरच्या वर थांबली.

भुतं खोकत नाहीत. आणि सॉल्टरबीच्या गोल्फ मैदानावर, पहाटेच्या या धुक्यात, भुताशिवाय दुसरं कुणी असायचं कारण नव्हतं. भूत तर ती स्वतःच होती.

याला इलाज नव्हता. बायकांसाठी क्लबने वेगळं मैदान दिलं होतं. ते कपडे वाळत घालायच्या दोरीएवढं लांब होतं. त्याच्या फाटकावर सेक्रेटरी कर्नल फिंचम यांच्या वळणदार अक्षरात पाटी होती: 'स्त्रियांनी काठी खांद्याच्या वर नेऊ नये.' वर नेली तर बाहीची शिवण उसवते आणि पुरुषांचा नेम चुकतो, असं कमिटीचं मत पडलं होतं. आता आठ दिवसांनी बायकांची अजिंक्यपद स्पर्धा होती, आणि ती पुरुषांएवढ्या लांब मैदानावर. लेटिसचा अर्ज कर्नलच्या टेबलावर सहीची वाट बघत पडला होता. ती इथे, पुरुषांच्या मैदानावर सापडली, तर अर्ज शेगडीत जाणार आणि तिचं नाव क्लबातून.

म्हणून ती पहाटे यायची. जाड घागरा पायात अडकतो, तो काढून झुडपावर ठेवायची आणि आतल्या पांढऱ्या परकरावर खेळायची. पहिल्याच दिवशी ती पाद्रीबुवांना दिसली. पाद्रीबुवा पळत घरी गेले आणि त्यांनी गावाला सांगितलं, की कर्नलसाहेबांच्या तीन वर्षांपूर्वी वारलेल्या पत्नी, ऑगस्टाबाई, मैदानावर फिरतात. तेव्हापासून आठच्या आत एकही पुरुष तिकडे फिरकला नाही. लेटिस काही खोटं बोलली नाही. तिने फक्त तोंडाला थोडं पीठ लावायला सुरुवात केली. काम करायचं तर नीट करावं.

पण मेलेल्या बाईच्या नावावर खेळणं सोपं नसतं. ऑगस्टाबाई तिला आठवायच्या. त्या डावखुऱ्या होत्या. सगळ्या जणी समुद्राकडे पाठ करून उभ्या राहायच्या, त्या एकट्या समुद्राकडे तोंड करून. "ऑगस्टा रुसली आमच्यावर," असं बाकीच्या म्हणायच्या. हल्ली लेटिसला वाटायचं, समोरच्या झुडपांतून कुणीतरी आपले फटके मोजतंय. दोनदा तिने जाऊन पाहिलं. गवत दबलेलं होतं. ससा असेल, असं तिने ठरवलं. एवढ्या वजनाचा ससा कुठून आला, हे तिने स्वतःला विचारलं नाही.

आणि काल गवत राखणारा म्हातारा जेबेझ तिला गाठून म्हणाला होता, "बाई, उद्या भुतानं सुट्टी घ्यावी. कर्नलसाहेब पहाटे मैदानावर येणारेत. लांबडं काहीतरी गुंडाळून ठेवलंय. बंदूक नसली तर मिशी उतरवीन."

"मिशी आहेच कुठे तुम्हाला?"

"म्हणून तर पैज लावतोय."

पण आठच दिवस उरले होते. ती आली होती.

झुडपांतून कर्नल फिंचम बाहेर आले. काखेत लांबडं गाठोडं होतं. भुताला गोळी लागत नाही, हे लेटिसला माहीत होतं. तरी तिने काठी छातीशी आडवी धरली.

"गुड मॉर्निंग, मिस गार्बट," कर्नल म्हणाले. "पीठ जरा जास्त झालंय. डाव्या गालावर पाव भाजता येईल."

"तुम्हाला... कधीपासून माहीत आहे?"

"तीन आठवडे. पाद्रीबुवांचं ऐकलं आणि दुसऱ्या दिवशी आलो. या वयात धावत आलो. धुक्यात तुम्ही दिसलात." ते थांबले. "समुद्राकडे पाठ करून."

कर्नलनी खिशातून घडी केलेला कागद काढून तिच्या हातात दिला.

"तुमचा अर्ज. सही केली आहे. आता जे विचारणार आहे त्याचा याच्याशी काही संबंध नाही. नाही म्हणालात तरी चालेल."

त्यांनी गाठोडं सोडलं. आत बंदूक नव्हती. गोल्फची काठी होती, डावखुऱ्या माणसाची, उलट्या तोंडाची. तिच्यावर एक ओरखडासुद्धा नव्हता.

"वाढदिवसाला दिली होती तिला. या मैदानावर एकदा, हात पूर्ण वर नेऊन मारायचं होतं. मी म्हणालो, पुढच्या वर्षी बघू." कर्नलनी काठी तिच्यापुढे धरली. "रोज येतो. रोज वाटतं, आज तरी ती समुद्राकडे वळेल."

लेटिसने परकराच्या टोकाने तोंड पुसलं. काठी घेतली. चेंडूच्या पलीकडे गेली आणि समुद्राकडे तोंड करून उभी राहिली. आता कर्नलना दिसत असणार ती फक्त एक पाठ, पांढरा परकर आणि धुकं. उलटी मूठ हाताला अनोळखी लागत होती. तिने काठी खांद्याच्या वर नेली, पार वर नेली, आणि फिरवली.

चेंडू दहा पावलं घरंगळला आणि गवतात बसला. शरमेने तिचे कान तापले. तीन आठवड्यांच्या मेहनतीचं हे फळ.

मागून कर्नलचा आवाज आला. क्लबात कुणी कधी न ऐकलेला.

"असू दे गं. घाई नाही, ऑगस्टा. पुन्हा मार."