इकडे बघायचं नाही

बावीस वर्षं मी माहितीपट काढतेय आणि आत्या अजून विचारते, "खरा सिनेमा कधी काढणार?" त्यातली शेवटची सहा वर्षं पुस्तकबांधणी करणाऱ्या एका काकांच्या दुकानात कॅमेरा लावून होते. पहिल्या दिवशी काका केस विंचरून, इस्त्रीचा शर्ट घालून थेट कॅमेऱ्यात बघत बसले. मी सगळ्यांना सांगते तेच त्यांनाही सांगितलं, "काका, इकडे बघायचं नाही. कोणी बघत नाहीये असं समजा आणि आपलं काम करा." त्यांनी ते इतकं मनावर घेतलं, की पुढे माझा चहासुद्धा ते खाली मान घालूनच सरकवायचे.

काल वाचनालयाच्या हॉलमध्ये पहिला खेळ झाला. खुर्च्या साठ, माणसं अकरा, त्यात एक आत्या. काका माझ्या शेजारी, तोच शर्ट घालून. दिवे मालवले, पडद्यावर त्यांचे हात पुठ्ठ्याला खळ लावू लागले, आणि माझ्या लक्षात आलं की काका माझ्याकडेच बघतायत.

"काका, पडदा समोर आहे."

"माझे हात मी रोज बघतो," ते म्हणाले. "तुला बघायचं राहून गेलं होतं."

सगळा जन्म कॅमेऱ्यामागे काढलेल्या मला चेहऱ्याचं काय करावं ते कळेना. मी केस कानामागे सारले, ताठ बसले.

"तसलं काही करू नकोस," काका हळूच म्हणाले. "कोणी बघत नाहीये असं समज."