बुसैतीनची हिरवळ

आखातातल्या बुसैतीनच्या बंगल्यातली खजुरीची सात झाडं मालकाने तोडायला लावली, तेव्हा तौकीर माळ्याने कारण विचारलं होतं. मालक एवढंच म्हणाला, "कचरा फार पडतो."

त्या जागी आता लॉन होतं. समुद्राचं पाणी गोडं करून आणायचं आणि भर उन्हात दिवसातून तीनदा त्याला पाजायचं. फळ नाही, सावली नाही, घरातलं एक पोरसुद्धा त्यावर पाय ठेवत नव्हतं. "मेलं नुसतं ढोसतंय," असं पुटपुटत तौकीर पाइप धरायचा. सुपरवायझरला कामाचा पुरावा लागायचा, म्हणून रोज लॉनवर उभं राहून फोटो काढायचा. तोच दापोलीला बायकोला, आतिकालाही पाठवायचा, तेवढीच खुशाली.

शुक्रवारी आतिकाचा व्हिडिओ कॉल आला. "तुमच्यासाठी एक गंमत केलीय," म्हणत तिने फोन अंगणाकडे फिरवला. अंगण हिरवंगार होतं, अगदी त्याच्या फोटोतल्यासारखं.

तौकीरचा आवाज चढला. "अब्बांनी लावलेली रातांब्याची झाडं कुठे गेली?"

 

"तोडली. कचरा फार पडायचा."