शेवटचा दुखवटा

"आणखी कुणाच्या दुखवट्याचा ठराव?" अध्यक्ष मॅलकी टूही यांनी विचारलं.

काउंटी कौन्सिलची, म्हणजे तिथल्या जिल्हा परिषदेची, प्रत्येक सभा दुखवट्यानेच सुरू व्हायची. सभासद आपापल्या भागात वारलेल्यांची नावं घ्यायचे, सगळे उभे राहायचे, मग घरच्यांना सांत्वनाचं पत्र जायचं. यात निवडणुकीची मतं होती, त्यामुळे कुणी मागे राहत नसे. हॅनली नावाच्या सभासदाने तर एकदा शर्यतीच्या कुत्र्याचा दुखवटा मांडला होता आणि तोही एकमताने मंजूर झाला होता. आजची सभा शेवटची. उद्यापासून ही कौन्सिल शेजारच्या काउंटीत विलीन होणार होती.

प्रेक्षकांच्या बाकावर म्हातारी डेलिया क्विर्क बसली होती. ही इमारत पूर्वी कौन्सिलचा आश्रम होती. लग्नाआधी दिवस गेलेल्या मुली इथे आणून ठेवत. डेलिया इथेच बाळंत झाली. मूल जेमतेम हिवाळाभर जगलं. कौन्सिलच्या माणसांनी ते मागच्या भिंतीशी पुरलं, ना क्रूस, ना नाव. आता तिथे सभासदांच्या गाड्या लागतात. बापाचं नाव तिने कुणालाच सांगितलं नाही. पाद्रीबाबांनी खोदून खोदून विचारलं, तरी नाही.

या इमारतीत पाऊल टाकलं की तिला अजून ते मूल रडताना ऐकू येई. वारा असतो बाई, असं शिपाई म्हणायचा. पण अंधार पडल्यावर इथे एकटा थांबायला तोही तयार नसे.

ज्यांनी पुरलं त्यांनी एकदा त्याचं नाव घ्यावं, एवढंच तिचं मागणं होतं. उद्या मागायला कुणी उरणार नव्हतं. महिनाभर तिने सभासदांचे उंबरे झिजवले. कुणी चहा पाजला, कुणी आजारपण सांगितलं. हॅनली म्हणाला, "अगं डेलिया, आता कशाला उकरून काढतेस ते? तुझीच शोभा होईल." अध्यक्षांच्या दारी मात्र ती गेली नव्हती.

अध्यक्षांच्या प्रश्नावर कुणीच हात वर केला नाही. हॅनली बुटांकडे बघत होता. अध्यक्ष पुढच्या विषयाकडे वळणार, तोच डेलिया उभी राहिली.

"बाई, प्रेक्षकांना बोलता येत नाही," सचिव म्हणाले.

"त्या नाही बोलणार. मी बोलतो," अध्यक्ष म्हणाले.

ते उठले. इतकी वर्षं मेलेल्यांसाठी सभेला उभं करणाऱ्या माणसाला आज स्वतः उभं राहायला टेबलाचा आधार घ्यावा लागला.

"मागच्या भिंतीशी एक मूल पुरलंय. आपणच पुरलंय. फिन्टन त्याचं नाव. त्याच्या दुखवट्याचा ठराव मी मांडतो."

एकेक करत सगळे उभे राहिले. शेवटी हॅनलीही. डेलियाने डोळे मिटून घेतले.

सचिवांनी हळूच विचारलं, "आडनाव क्विर्क लिहू ना?"

"टूही लिहा," अध्यक्ष म्हणाले. "आणि सांत्वनाची पत्रं दोन करा. एक तिला. एक मला."