गाववाले

"थांगबोई, बघ कुनाला आनलंय! तुझा गाववाला!"

आवडाबाई दारात उभ्या होत्या आणि त्यांच्यामागे पाठीवर सॅक घेतलेला एक मुलगा. थांगबोई नुकताच रात्रपाळी करून आला होता, तोंडातला ब्रश तोंडातच राहिला. मुलाचा चेहरा बघूनच त्याला संशय आला. तरी त्याने नाव विचारलं.

"इबोमचा," मुलगा म्हणाला.

संपलं. थांगबोई कुकी आणि हा, नावावरूनच कळत होतं, मैतेई. मणिपूरमध्ये आज ही दोन माणसं एका रस्त्याने जाऊ शकत नाहीत. मधे बंकर आहेत, बंदुका आहेत, जळालेली गावं आहेत. सरकारला, लष्कराला, शांततेच्या इतक्या बैठकांना जे जमलं नाही, ते कारखान्यांशेजारच्या बजाजनगरात आवडाबाईंनी सकाळी सकाळी करून टाकलं होतं. दोघांना एका खोलीत आणून उभं केलं होतं.

थांगबोईचं नाव ऐकून मुलालाही कळलं होतं. त्याने सॅक खांद्यावरून उतरवली नाही.

"कंपनीच्या गेटवर उभा व्हता बिचारा," आवडाबाई सांगत होत्या. "तोंड बघून कुनी रूम देईना. कुनी म्हनं चायनाचा हाय, कुनी म्हनं नेपाळी. म्या म्हनलं, चल बाबा, माझ्याकडं तुझ्याच मुलखाचा एक हाय."

आवडाबाईंच्या घराचा नियम एकच: इथं कुणाला आडनाव विचारायचं नाही. शहरात क्रांती चौकाच्या आसपास घर शोधताना नवऱ्याने आडनाव सांगितलं की 'आत्ताच दुसऱ्याला दिलं' हे उत्तर त्यांनी पुष्कळ ऐकलं होतं. पुढे स्वतःच्या चार खोल्या झाल्या तेव्हा बाबासाहेबांच्या फोटोसमोर उभं राहून त्यांनी हा नियम केला. मागे एका वेल्डरने शेजारी झोपणाऱ्या मुलाच्या जातीवरून तोंड वाकडं केलं, तर दुपारच्या आत त्याची पेटी रस्त्यावर होती. थांगबोईलाही डोक्यावर छप्पर मिळालं ते या नियमामुळेच.

आता त्यांना सांगायचं काय? मावशी, हा मला नको? का नको म्हणून विचारलं, तर उत्तर एकच होतं. त्याची जमात. कसंही गुंडाळून सांगितलं तरी तेच. आणि आवडाबाईंना त्यात फक्त जात ऐकू येणार. त्यांचं चुकलंही नसतं.

"गप का रं दोघं? बोला की तुमच्या भाषेत. मला बी ऐकू द्या."

दोघांच्या भाषा वेगळ्या होत्या. पण थांगबोईला मैतेई भाषा येत होती, इंफाळच्या शाळेत गेलेला मुलगा तो. घर सोडल्यापासून त्या भाषेतला एक शब्दही त्याने उच्चारला नव्हता. उच्चारायचा नाही असं ठरवलंच होतं. आवडाबाई कौतुकाने बघत उभ्या होत्या, हलायला तयार नव्हत्या.

"घर कुठं?" त्याने हळू आवाजात, मैतेईत विचारलं.

"चुराचांदपूरला. होतं. तुझं?"

"इंफाळला. होतं." मैतेईचं घर कुकींच्या भागात होतं आणि कुकीचं मैतेईंच्या.

"घरातलं कोण गेलं?" इबोमचाने विचारलं.

"मोठा भाऊ. तुझ्या लोकांनी मारला."

"माझे वडील," इबोमचा म्हणाला. "तुझ्या लोकांनी."

"बाई बघतेय. हसत राहा," थांगबोई म्हणाला.

इबोमचा हसला. थांगबोईही हसला.

"अगं माय, काय गोड बोलतेत!" आवडाबाईंना भरून आलं आणि त्या चहा टाकायला गेल्या.

हसू तिथंच संपलं.

"मी दुसरी रूम बघतो," इबोमचा म्हणाला.

"मिळणार नाही. मी सगळं पालथं घातलंय."

"मग तू जा."

"कुठं?"

खोलीत दोन गाद्या होत्या. थांगबोईची दाराशी आणि दुसरी, रिकामी, आतल्या कोपऱ्यात. इबोमचाने त्या कोपऱ्याकडे पाहिलं. तिथं झोपलेल्याला पळायची वेळ आली, तर दाराशी झोपलेल्याला ओलांडून जावं लागलं असतं. त्याने रिकामी गादी उचलली आणि दाराशी, थांगबोईच्या गादीला लावून टाकली.

"मी आत झोपणार नाही."

"मीही नाही."

एकाच्या अंगात रात्रपाळी होती, दुसऱ्याच्या रेल्वेचा दोन रात्रींचा प्रवास. शेवटी दोघंही आडवे झाले. पाठ कुणीच फिरवली नाही. तोंडाला तोंड करून, एकमेकांच्या हातांवर नजर ठेवून पडून राहिले. थांगबोईला भीती वाटत होती. समोरचाही घाबरलाय हे त्याला दिसत होतं, पण त्यामुळे त्याची स्वतःची भीती तसूभरही कमी होत नव्हती.

पावलं वाजली तसे दोघांनी डोळे मिटून घेतले.

"आता गं बया," चहा घेऊन आलेल्या आवडाबाई दारातच थबकल्या. "खोली एवढी मोकळी, अन् दोघं कसे बिलगून झोपलेत! लई थकलीत लेकरं."

त्यांनी कप खाली ठेवले, कोपऱ्यातली मोठी चादर दोघांवर मिळून घातली आणि पायांशी नीट खोचली. मग गल्लीतल्या पोरांनी दार वाजवून उठवू नये म्हणून दार ओढून घेतलं आणि बाहेरून कडी घातली.

दोघांचेही डोळे एकदम उघडले.

"बाई दार कधी उघडते?" इबोमचाने कुजबुजत विचारलं.

"हाक मारली की लगेच येते," थांगबोई म्हणाला. "पण आल्यावर विचारेल, काय झालं?"

इबोमचाने दाराकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. चादरीखाली दोघंही जराही हलले नाहीत. हाक कुणीच मारली नाही.