खिशावरचा हात

"रोज काय खातेस, त्यावर बोट ठेव." नर्सबाईंनी चित्रांचा तक्ता मुलीपुढे सरकवला. वजनकाट्यावरून नुकतीच उतरलेली पोर अजून एका पायात चप्पल घालत होती. वय आठ, काटा मात्र तेरा वर्षांच्या मुलीचा आकडा दाखवून बसला होता.

तक्त्यावर डावीकडे फळं, भाज्या, कडधान्यं. उजवीकडे वर्ज्य माल. पोरीचं बोट बेधडक उजवीकडे गेलं आणि हसऱ्या चेहऱ्याच्या क्रीम बिस्किटावर टेकलं.

तेच हसरं बिस्कीट बापाच्या शर्टाच्या खिशावर शिवलेलं होतं. कंपनीची व्हॅन बाहेर लावून तो कामावरून थेट इथे आला होता. फाटलेले पुडे दुकानदार घेत नाहीत. ते तो घरी आणायचा. बायको म्हणायची, "पुरे करा हो, पोरगी जेवत नाही." त्यावर याचं ठरलेलं, "लोकांची पोरं तरसतात बिस्किटाला. माझ्या लेकीला मी काही कमी पडू देणार नाही." आणि खरंच, पडू दिलं नव्हतं.

त्याचा हात आपसूक खिशावर गेला.

"हिची साखर वाढायला लागलीये," बाई कागदावरून मान न उचलता म्हणाल्या. "हे आणून कोण देतं गं तुला?"

पोरीने बापाच्या हाताकडे पाहिलं. मग तोंडाकडे.

"कुणी नाही. मीच खाते, चोरून. बाबा तर ओरडतात मला."

त्याला एकच वाक्य बोलायचं होतं. नाही बाई, मीच आणतो. एवढंच. पण बाईंनी आता मान वर केली होती, आणि लाजेने त्याची जीभ टाळ्याला चिकटली होती. सुटली तीही भलतीकडेच.

"ऐकलंस ना? यापुढे चोरून खायचं नाही."

"नाही खाणार, बाबा."

असा बाप हवा, अशी बाईंनी मान हलवली. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

बाहेर येऊन त्याने डाव्या हातानेच व्हॅनचं दार उघडलं. पोरीने सीटवरचा फाटका पुडा उचलला, मागच्या खोक्यांवर ठेवला आणि नेहमीच्या जागी चढून बसली. मग त्याच्याकडे बघून हळूच म्हणाली,

"बाबा, आता हात काढा ना. इथे कुणी नाहीये."